कॅमेऱ्याबाहेर उभा असलेला मुलगा

ताई, नमस्कार.

आम्ही एडिसनजवळ राहतो. अमेरिकेत येऊन एकवीस वर्षं झाली. मुलगा इथलाच जन्मलेला, आता मिडवेस्टमधल्या एका विद्यापीठात तिसऱ्या वर्षाला आहे, मेकॅनिकल इंजिनीअरिंग करतोय. तिथल्या अमेरिकन फुटबॉलच्या टीममध्ये तो सेफ्टी, म्हणजे डिफेन्समधला सगळ्यात मागचा खेळाडू, आहे. गेला तेव्हा वॉक-ऑन होता, म्हणजे स्कॉलरशिप नव्हती. पहिलं वर्ष रेडशर्टमध्ये गेलं, म्हणजे फक्त सराव, मॅच नाही. दुसऱ्या वर्षी स्कॉलरशिप मिळाली आणि या सीझनला पाच मॅचेसमध्ये तो पहिल्या अकरात होता. ऑक्टोबरमध्ये डोक्याला मार बसून कन्कशन झालं, दोन आठवडे बाहेर बसला. नोव्हेंबरमध्ये त्यांच्या हेड कोचला काढलं. आता म्हणतो, "आई, मी पोर्टलमध्ये जातो," म्हणजे दुसऱ्या विद्यापीठात जाऊ पाहणाऱ्या खेळाडूंच्या यादीत नाव टाकतो. ह्यांचं म्हणणं, पुरे झालं, खेळ सोड आणि डिग्री घे, आपल्या मुलांचा हा खेळच नाही. हे स्वतः सांगलीला कॉलेजात कबड्डी खेळलेत, उजव्या कोपऱ्यात. पण या खेळाचं त्यांना काही पडलेलं नाही. बापलेकांचं बोलणं बंद आहे. मंडळात लोक विचारतात, "एनएफएलमध्ये जाणार का?" एनएफएल म्हणजे इथली व्यावसायिक लीग. मी हसून विषय बदलते. मी त्याला खेळ सोड म्हणू का? आणि याला करिअर तरी म्हणायचं का?

— एक आई, न्यू जर्सी

*

नमस्कार.

तुमच्या शेवटच्या प्रश्नापासून सुरुवात करते, कारण बाकीचं सगळं त्याच्यावर उभं आहे. हो, हे करिअर आहे. आणि ते पुढे कधीतरी सुरू व्हायचंय असं नाही, त्यातली तीन वर्षं होऊनही गेली. स्कॉलरशिपशिवाय जाऊन, पहिलं वर्ष फक्त सरावात घालवून, दुसऱ्या वर्षी स्कॉलरशिप मिळवणं आणि तिसऱ्या वर्षी पहिल्या अकरात येणं, हे ज्यांनी जवळून पाहिलंय त्यांना माहीत आहे की किती वॉक-ऑन मुलं दुसऱ्या वर्षापर्यंत टिकतसुद्धा नाहीत. मी चौदा वर्षं इथल्या एका विद्यापीठात मुलांना विषय आणि कोर्स निवडायला मदत करण्याचं काम केलं. फुटबॉलची मुलं माझ्याकडे यायची, बहुतेक वेळा सकाळी साडेसातला, कारण त्यांना दुसरी वेळच नसायची. त्यांच्याबद्दल मला माया आहे, हे आधीच सांगून टाकते.

मंडळातल्या प्रश्नाचं उत्तर आकड्यात देता येतं. कॉलेजचे खेळ चालवणाऱ्या एनसीएएच्याच हिशोबाप्रमाणे ड्राफ्टला, म्हणजे एनएफएलच्या दरवर्षीच्या खेळाडू-निवडीला, पात्र असलेल्या कॉलेज खेळाडूंपैकी साधारण १.६ टक्के मुलांची निवड एनएफएलमध्ये होते. सात फेऱ्या आणि अडीचशेच्या आसपास नावं, संपलं. आणि जे पोचतात त्यांचं तिथलं सरासरी आयुष्य खेळाडूंच्या संघटनेच्या मते तीन वर्षांच्या थोडंसं वर. म्हणजे कॉलेजात पाच वर्षं टीममध्ये राहिलेला मुलगा सरासरी एनएफएल खेळाडूपेक्षा जास्त काळ खेळतो. तेव्हा कॉलेजला एनएफएलची पायरी समजून मोजाल तर शंभरातल्या अठ्ठ्याण्णव मुलांचं करिअर फुकट गेलं असं म्हणावं लागेल. ते खरं नाही. तुमच्या मुलाचं करिअर म्हणजे ही पाच वर्षं. ती त्याने चांगली पूर्ण करावी यासाठी काय करायचं, एवढाच आपल्यापुढचा प्रश्न आहे.

आता मला एक सांगा. तुम्ही त्याची एखादी अख्खी मॅच फक्त त्याच्याकडे बघत पाहिली आहे का?

मी दोष देत नाही. टीव्हीवर ते शक्यच नसतं. कॅमेरा बॉलमागे धावतो आणि सेफ्टी स्नॅपच्या, म्हणजे बॉल मागे देऊन डाव सुरू होण्याच्या, वेळी बॉलपासून दहा-बारा यार्ड मागे, बहुतेक वेळा चौकटीच्या बाहेर उभा असतो. तो पडद्यावर येतो तेव्हा एकतर समोरचा त्याला चुकवून निघालेला असतो, नाहीतर तो कुणावर तरी आदळत असतो. घरी सोफ्यावर बसलेल्या आईला आपला मुलगा फक्त चुकताना आणि आदळताना दिसतो. मग तिला वाटतं, याचं काम हेच. एका मॅचमध्ये डिफेन्सला साठ-सत्तर स्नॅप खेळावे लागतात. त्यातल्या पन्नास वेळा त्याने जे केलं ते तुम्ही पाहिलेलंच नाही.

तो काय करतो, ते सांगते. समोरची टीम रांगेत उभी राहिली की कोण कुठे उभा आहे हे बघून त्याला काही सेकंदांत ओळखायचं असतं की बॉल फेकला जाणार की धावत नेला जाणार. ते ओळखून तो डिफेन्समधल्या आपल्या सोबत्यांना, कॉर्नरबॅकला आणि लाइनबॅकरला, ओरडून, हाताच्या खुणांनी सांगतो. ऐंशी हजारांच्या गोंगाटात आवाज पोचत नाही म्हणून खुणा. समोरच्याने ऐन वेळी जागा बदलली की यालाही सगळी व्यवस्था बदलावी लागते. मग बॉल सुटतो, आणि त्याच्या मागे कुणी नसतं. पुढचे दहा जण चुकले तर तो आहे. तो चुकला तर सहा गुण गेले. डिफेन्समधल्या मुलांना या एका गोष्टीची इतकी सवय होते की चांगली गेलेली मॅच म्हणजे जिच्यात त्यांचं नाव कुणी घेतलं नाही ती.

ही उपेक्षा तुमच्या घरापुरती नाही. कॉलेज फुटबॉलमधला सगळ्यात मोठा मान म्हणजे हाइझमन ट्रॉफी. १९३५ पासून ती दिली जाते, आणि मुख्यतः डिफेन्समध्ये खेळणाऱ्या खेळाडूला ती आजवर एकदाच मिळाली, १९९७ साली मिशिगनच्या चार्ल्स वुडसनला. २०२४ मध्ये कोलोरॅडोच्या ट्रॅव्हिस हंटरला मिळाली, पण तो कॉर्नरबॅक आणि रिसीव्हर असा दोन्हीकडे खेळायचा. बाकी सगळे बॉल हातात घेऊन पळणारे, फेकणारे किंवा झेलणारे.

तुमच्या यजमानांना मात्र हे सगळं कळेल. मला त्यांच्याविषयीच सगळ्यात जास्त आशा वाटली. उजव्या कोपऱ्यात खेळलेला माणूस! त्यांना विचारा, चढाईपटू आत आला की नजर कुठे ठेवायची. ते सांगतील, पायावर. हात, खांदे, डोळे सगळं फसवतं. सेफ्टीला पहिल्या दिवसापासून हेच शिकवतात, फक्त पायाऐवजी कंबर. समोरचा डोकं डावीकडे झुकवेल, खांदा उजवीकडे टाकेल, कंबर जिकडे जाईल तिकडेच तो जाणार. पकड करायची घाई एकाने केली की साखळी तुटते आणि बोनससकट गुण जातात, हे त्यांना सांगायला नको. इथेही एका कॉर्नरबॅकने लोभाने बॉलवर उडी मारली की मागचा सेफ्टी उघडा पडतो. कबड्डीत चढाईपटूंचे फोटो छापून येतात आणि कोपरारक्षकाला अव्वल पकडीशिवाय कुणी ओळखत नाही, हे दुःख तर ते तुमच्या मुलापेक्षा जास्त वर्षं जाणतात. या दोघांचं काम एकच आहे हो. बोलणं बंद असलं तरी एक विषय त्यांच्याकडे तयार आहे.

आणि "आपल्या मुलांचा हा खेळ नाही" याबद्दल एवढंच: ब्रँडन चिलार, वडील भारतीय वंशाचे, यूसीएलएचा लाइनबॅकर. २००४ साली चौथ्या फेरीत एनएफएलमधल्या रॅम्सनी घेतला, पुढे ग्रीन बे पॅकर्सकडे गेला. पॅकर्सनी फेब्रुवारी २०११ मध्ये सुपर बोल, म्हणजे एनएफएलची फायनल, जिंकला तेव्हा तो दुखापतीमुळे बाहेर होता, पण टीमचाच होता. एकच उदाहरण सही, पण खेळ आपला की परका हे ठरवायला एक पुरे.

आता डोक्याचं.

इथे मी कडक बोलणार आहे. पोर्टल, स्कॉलरशिप, कोच, डिग्री या सगळ्याच्या आधी ऑक्टोबरमधलं ते कन्कशन येतं. २०१७ साली बॉस्टन विद्यापीठाच्या संशोधकांनी फुटबॉल खेळलेल्या मृत व्यक्तींच्या मेंदूंचा अभ्यास प्रसिद्ध केला. एनएफएल खेळलेल्या १११ पैकी ११० मेंदूंमध्ये सीटीई हा डोक्याला वारंवार मार बसून होणारा आजार सापडला, आणि कॉलेजपर्यंतच खेळलेल्या ५३ पैकी ४८ मेंदूंमध्ये. हा दुसरा आकडा तुमच्यासाठी. मात्र तो वाचताना हेही लक्षात घ्या की ज्या घरांना त्रास जाणवला होता त्यांनीच बहुतेक हे मेंदू दान केले होते, त्यामुळे कॉलेज खेळलेल्या दहातल्या नऊ मुलांना हा आजार होतो असा त्याचा अर्थ होत नाही. अर्थ एवढाच की धोका खरा आहे आणि तो फक्त मोठ्या कन्कशनमधून येत नाही. लहान लहान धक्के वर्षानुवर्षं साठत जातात. लाइनवरच्या मुलांना असे धक्के जवळपास प्रत्येक स्नॅपला बसतात. सेफ्टीला ते कमी बसतात, पण जो बसतो तो पूर्ण वेगातला असतो.

तुम्ही एडिसनजवळ राहता, म्हणजे एरिक लग्रँडचं नाव ऐकलं असेल. वुडब्रिजचाच मुलगा, रटगर्सचा डिफेन्सिव्ह टॅकल. १६ ऑक्टोबर २०१०, आर्मीविरुद्धची मॅच, किकऑफनंतर टॅकल करताना, म्हणजे समोरच्याला अडवून पाडताना, त्याचं डोकं खाली गेलं आणि मानेचे मणके मोडले. मानेखालचं शरीर लुळं पडलं. त्याने व्हीलचेअरवरून रटगर्सची डिग्री पूर्ण केली, आणि २०१३ मध्ये रटगर्सने त्याचा ५२ नंबर कायमचा निवृत्त केला. त्या विद्यापीठाच्या फुटबॉलमध्ये असा मान मिळालेला तो पहिला. आणि हे तेच रटगर्स, जिथे १८६९ साली प्रिन्स्टनविरुद्ध पहिला कॉलेज फुटबॉल सामना झाला. हे मी घाबरवायला सांगत नाही. डोकं खाली घालून टॅकल करू नये हा नियम का आहे, ते सांगते आहे. २०१३ पासून हेल्मेटचा माथा पुढे करून किंवा असहाय्य खेळाडूच्या डोक्यावर मारलं तर डिफेन्समधल्या मुलाला मैदानाबाहेर काढतात. मुलाला विचारा, त्या दिवशी त्याचं डोकं कुठे होतं. प्रश्न रागाचा वाटणार नाही अशा सुरात विचारा. त्याचं उत्तर त्याने नक्कीच शंभरदा फिल्ममध्ये पाहिलेलं असणार.

तो सुट्टीत घरी येईल तेव्हा नुसतं बघत राहा. झोप कशी आहे, उजेडाचा त्रास होतो का, चिडचिड, विसरणं, एकच गोष्ट दोनदा विचारणं. आमटीभात खाताना गप्प असणं वेगळं आणि वाक्य मधेच हरवणं वेगळं, आईला ते कळतं. त्याला टीमशी संबंध नसलेल्या न्यूरोसायकॉलॉजिस्टकडे घेऊन जा. सीझनच्या आधी विद्यापीठाने त्याची बेसलाइन टेस्ट, म्हणजे मार बसण्याआधीची मेंदूची चाचणी, घेतलेली असणार, ती आणि ऑक्टोबरचे सगळे कागद मागवा. तो सज्ञान आहे, त्यामुळे त्याच्या सहीशिवाय तुम्हाला काही मिळणार नाही. ही सही मागणं हेच तुमच्या बोलण्याचं पहिलं पाऊल ठरेल. ऑगस्ट २०२४ पासून डिव्हिजन वनच्या, म्हणजे कॉलेज खेळांच्या सगळ्यात वरच्या गटातल्या, विद्यापीठांना खेळाडू बाहेर पडल्यावरही किमान दोन वर्षं खेळातल्या दुखापतींचा खर्च उचलावा लागतो, तेव्हा या दुखापतीची नोंद कागदावर नीट असणं पैशाच्या दृष्टीनेही गरजेचं आहे.

डॉक्टरने "थांब" म्हटलं, तर थांबायचं. तिथे मी तुमच्या यजमानांच्या बाजूने आहे, आणि ते तुम्ही मुलाला स्पष्ट सांगा, गोड शब्दात गुंडाळू नका. डॉक्टरने हरकत घेतली नाही, तर मात्र "खेळ सोड" हे तुम्ही म्हणू नये असं माझं मत आहे. वीस-एकवीस वर्षांच्या मुलाकडून त्याने कमावलेली एकमेव गोष्ट भीतीपोटी काढून घेतली तर तो डिग्री घेईलही, पण ती डिग्री तुमची असेल.

पोर्टलबद्दल माझं मत तुमच्या मुलाला आवडणार नाही.

हेड कोच गेला, ज्याने त्याला वॉक-ऑन म्हणून घेतलं तो माणूस गेला, नवा कोच आपली मुलं आणणार, ही भीती खरी आहे. २०२६ साली फुटबॉलसाठी पोर्टल २ ते १६ जानेवारी उघडं असेल. या पंधरा दिवसांत टीममधली निम्मी मुलं फोनवर असतात आणि थांबणारा मुलगा मूर्ख वाटायला लागतो. पण पोर्टलमध्ये नाव गेलं की आताच्या विद्यापीठाला पुढच्या सत्रापासून त्याची स्कॉलरशिप बंद करता येते. आणि नवी जागा मिळेलच याची हमी कुणी देत नाही. नाव टाकण्याआधीच एखाद्या कोचने किंवा त्याच्या माणसाने "ये, जागा आहे" म्हटलं असेल तर तो कोच नियम मोडतोय. जो आज दुसऱ्याच्या बाबतीत नियम मोडतो, तो उद्या तुमच्या मुलाच्या जागीही कुणाला तरी असाच फोन करेल.

पण माझी मोठी काळजी क्रेडिटची, म्हणजे पूर्ण केलेल्या कोर्सच्या मोजणीची, आहे. एनसीएएचा नियम असा की चौथं वर्ष सुरू होताना डिग्रीचं ६० टक्के काम पूर्ण पाहिजे, पाचवं सुरू होताना ८० टक्के. आणि हे मोजतात नव्या विद्यापीठाच्या डिग्रीप्रमाणे. मेकॅनिकलची डिग्री १२८ क्रेडिटची धरली तर ६० टक्के म्हणजे ७७. चौथं वर्ष सुरू होताना त्याच्याकडे नव्वद क्रेडिट असले आणि नव्या विद्यापीठाने थर्मोडायनॅमिक्स, फ्लुइड्स, दोन लॅब आणि असे आणखी काही कोर्स नाकारून ६८ च धरले, तर तो मेकॅनिकलमध्ये राहून खेळूच शकत नाही. मग कुणीतरी प्रेमळपणे म्हणतं, मेजर (मुख्य विषय) बदल, जनरल स्टडीजमध्ये सगळं बसतं.

ते प्रेमळपणे म्हणणारी मी होते. एक डिफेन्सिव्ह एंड होता, त्याला नर्सिंग करायचं होतं. दुसऱ्या वर्षी क्लिनिकल, म्हणजे हॉस्पिटलमधलं प्रात्यक्षिक, तीन वाजता यायला लागलं आणि प्रॅक्टिस अडीचला. कोचच्या ऑफिसातून फोन आला, काही मार्ग काढा. मी काढला. असा विषय सुचवला जो दुपारी बारापर्यंत आटोपायचा. मुलगा हुशार होता, चांगल्या मार्कांनी पास झाला, टीमचा कॅप्टनही झाला. पाच वर्षांनी त्याने मला ईमेल लिहिली की तो कम्युनिटी कॉलेजात पुन्हा नर्सिंगचे पहिले कोर्स घेतोय, रात्री काम करून. एका ओळीचीही तक्रार नव्हती. त्या मुलाला मी तेव्हा विचारायला हवं होतं की तुला अडीचची प्रॅक्टिस सोडवत नाही की तीनचं क्लिनिकल. मी विचारलं नाही, त्याच्या वतीने उत्तर देऊन टाकलं. म्हणून तुमच्या मुलाला "मेजर बदलायला लागलं तर?" हे आधी विचारा. कागदावर लिहून, सहीशिक्क्यासह क्रेडिटचा हिशोब नव्या विद्यापीठाच्या इंजिनीअरिंग विभागाकडून घेतल्याशिवाय त्याने तिथे हो म्हणू नये. फुटबॉलच्या ऑफिसकडून आलेला हिशोब धरू नका.

माझ्या मते त्याने या जानेवारीत थांबावं. रेडशर्टमुळे त्याच्याकडे अजून दोन सीझन आहेत, २०२६ आणि २०२७. स्प्रिंगची प्रॅक्टिस नव्या कोचसमोर खेळावी. जो मुलगा एकदा स्कॉलरशिपशिवाय जागा मिळवून दाखवू शकला तो दुसऱ्यांदाही दाखवू शकतो, आणि नव्या डिफेन्सची भाषा लवकर शिकणारा सेफ्टी कुठल्याही कोचला हवा असतो. २०२६ चा सीझन इथे खेळून मे २०२७ मध्ये त्याच्या हातात मेकॅनिकलची डिग्री येईल. मग शेवटच्या सीझनसाठी तो ग्रॅज्युएट ट्रान्सफर म्हणून दुसरीकडे जाऊ शकतो, मास्टर्स करत करत. तेव्हा क्रेडिटची भानगड नाही, आणि तेव्हा त्याच्याकडे दाखवायला दोन वर्षांची फिल्म असेल. नव्या कोचने तोंडावर सांगितलं की तुझ्यासाठी जागा नाही, तर गोष्ट वेगळी. तसं झालं तर पोर्टलमध्ये जाणं रास्त आहे. पण ते कोचच्या तोंडून ऐकलेलं असावं, ग्रुप चॅटमधून नव्हे.

पैशाचंही मुलाच्या कानावर आलं असेल. जुलै २०२१ पासून खेळाडूंना आपल्या नावावर पैसे कमावता येतात, आणि जून २०२५ मध्ये कोर्टाने मंजूर केलेल्या तडजोडीनुसार विद्यापीठं थेट खेळाडूंना पैसे देऊ लागली आहेत, पहिल्या वर्षी एका विद्यापीठाला साधारण २ कोटी ५ लाख डॉलरपर्यंत. ऐकायला प्रचंड वाटतं, पण शंभर मुलांच्या टीममध्ये हा पैसा बॉल फेकणाऱ्या क्वार्टरबॅककडून खाली झिरपत येतो, आणि मधल्या फळीतल्या विद्यापीठांकडे तेवढे पैसेही नसतात. कुणी एजंट भेटला असेल तर त्याचे टक्के विचारा. एनएफएलच्या करारावर एजंटला जास्तीत जास्त ३ टक्के घेता येतात. कॉलेजच्या एजंटांना देशभर लागू अशी एकच मर्यादा नाही. (तुमचा मुलगा इथे जन्मला म्हणून बरं. हे सदर वाचणाऱ्या ज्या घरांत मुलं एच-४ वर किंवा विद्यार्थी व्हिसावर आहेत, त्यांनी असा एकही डॉलर घेण्याआधी इमिग्रेशन वकिलाला विचारा, खेळाडूच्या नाही.)

मुलगा खरंच कुठे जायला निघाला, तर नव्या कोचला विचारायला एक प्रश्न देते. आठवड्यात किती दिवस पूर्ण टॅकलिंग होतं? डार्टमथच्या कोचने, बडी टीव्हन्सने, २०१० साली प्रॅक्टिसमध्ये खेळाडूंनी एकमेकांना टॅकल करणं बंद केलं. लोक हसले. डार्टमथ जिंकत गेलं, आणि २०१६ मध्ये डार्टमथ ज्या लीगमध्ये आहे त्या सगळ्या आयव्ही लीगने सीझनमधल्या सरावातून पूर्ण टॅकलिंग काढून टाकलं. जो कोच या प्रश्नावर चिडेल त्याच्याकडे मुलगा देऊ नका.

तुमच्या मुलाच्याच जागेवर खेळलेल्या एका माणसाची गोष्ट त्याला माहीत आहे का, विचारा. मायरन रोल, फ्लोरिडा स्टेटचा सेफ्टी. आईवडील बहामाजहून आलेले. नोव्हेंबर २००८ मध्ये ऑक्सफर्डला शिकण्यासाठीच्या ऱ्होड्स स्कॉलरशिपची मुलाखत आणि मेरीलँडविरुद्धची मॅच एकाच दिवशी आली. त्याने बर्मिंगहॅमला मुलाखत दिली, निवड झाली, आणि विमानाने जाऊन तो मॅचच्या मधेच टीमला मिळाला. ऑक्सफर्डला एक वर्ष शिकला. मग २०१० च्या ड्राफ्टमध्ये सहाव्या फेरीत, २०७ व्या नंबरला टेनेसी टायटन्सनी घेतला. एनएफएलच्या सीझनमधली एकही मॅच त्याच्या वाट्याला आली नाही. पुढे तो मेडिकलला गेला, २०१७ मध्ये डॉक्टर झाला आणि बॉस्टनच्या मॅसॅच्युसेट्स जनरलमध्ये न्यूरोसर्जरी शिकला. ज्या खेळाने मेंदूला इजा होते तो खेळलेला मुलगा मेंदूचा सर्जन झाला.

आणि यजमानांसाठी ॲलन पेज. नोत्र दामचा डिफेन्सिव्ह एंड, १९६६ च्या विजेत्या टीममधला. एनएफएलमध्ये १९७१ साली एमव्हीपी, म्हणजे वर्षाचा सर्वोत्तम खेळाडू, झाला. डिफेन्समधल्या खेळाडूला तो मान पहिल्यांदाच मिळाला. खेळत असतानाच त्याने मिनेसोटा विद्यापीठातून कायद्याची डिग्री घेतली, १९७८ मध्ये. १९९३ पासून २०१५ पर्यंत तो मिनेसोटाच्या सर्वोच्च न्यायालयात न्यायाधीश होता. खेळ की शिक्षण, अशी निवड त्याने कधी केलीच नाही. ह्यांना ही गोष्ट तुम्ही सांगू नका. मुलाला सांगायला लावा.

आता लगेचचं काम. न्यूरोसायकॉलॉजिस्टची वेळ आजच घ्या, सुट्ट्यांमध्ये मिळणं कठीण असतं. मुलाला सांगा, सहीचा कागद आणि आजवरच्या क्रेडिटचा उतारा घेऊन ये. आणि त्याच्याकडून पाच मॅचेसची फिल्म मागा, टीव्हीवरची नव्हे, कोच वापरतात ती. उंचावरून घेतलेली असते, बावीसही खेळाडू एकदम दिसतात. ती त्याच्याकडे टॅबवर असणार. जेवणं झाल्यावर टॅब ह्यांच्यासमोर ठेवा आणि एवढंच म्हणा, की याची कंबर बघून हा कसा ओळखतो ते मला कळत नाहीये, तुम्ही सांगा. मग तुम्ही स्वयंपाकघरात जा, आणि मुलालाच त्यांच्या शेजारी बसू द्या.

रिपोर्ट हातात आला की मला लिहा. २ जानेवारीच्या आधी.